निपाणी ते बेळगाव : भाताविना कालवणाची वाट

कोल्हापुराहून दक्षिणेस निघालेला राजमार्ग कागल मागे टाकतो, दूधगंगा ओलांडतो आणि कोगनोळीचा नाका येताच पाट्यांवरील लिपी बदलते. माणसे मात्र तीच राहतात. तोच फेटा, तेच नऊवारी, तीच रानातली मराठी. फक्त बोलता बोलता एखादा कानडी शब्द सहज येऊन बसतो आणि कोणास तो परका वाटत नाही. पुढे यमगर्णीपाशी वेदगंगा लागते. २०१९ व २०२१ च्या महापुरांत हिचेच पाणी राजमार्गावर चढले आणि वाहनांच्या रांगा दोन्ही अंगांस खोळंबून राहिल्या. त्यापलीकडे निपाणी.

१९५६ च्या नोव्हेंबरच्या पहिल्या दिवशी हा सारा मुलूख मुंबई राज्यातून निघून म्हैसूर राज्यात गेला, आणि तेव्हापासून सीमेचा प्रश्न येथील माणसांच्या मनात घर करून आहे. २००४ मध्ये तो सर्वोच्च न्यायालयाच्या दारी गेला. त्या वादात शिरण्याचे हे स्थळ नव्हे. परंतु सीमा जशी नकाशावर असते तशी ती स्वयंपाकघरातही असते, आणि तेथे ती किती निराळ्या रीतीने वागते, हे पाहण्यासारखे आहे. नकाशावरची रेघ दोन बाजू वेगळ्या करते. चुलीवरचे मडके दोन बाजू एकत्र शिजवते. वाचकहो, आज मी आपणांस अशाच एका मडक्याची हकिकत सांगणार आहे. मडके मासळीच्या कालवणाचे आहे आणि त्याच्या शेजारी भाताची रास नाही. का नाही, तेही सांगतो.

निपाणी ही तंबाखूची पेठ. विडीच्या तंबाखूसाठी तिचे नाव दूरवर गेले. १९८१ साली तंबाखूच्या भावासाठी येथील शेतकरी रस्त्यावर बसले तेव्हा साऱ्या देशाने ते नाव ऐकले. विड्या वळणाऱ्या बायांची बोटे या गावाने पाहिली, आणि त्यांच्या छातीतला खोकलाही ऐकला. आता पुष्कळ रानांत तंबाखूच्या जागी ऊस उभा आहे. गाव सोडून तवंदीचा घाट चढावा, स्तवनिधीचे जैन तीर्थ उजवे-डावे करीत पुढे जावे, म्हणजे संकेश्वरापर्यंत डोळ्यांस उसाची हिरवी भिंत सोडत नाही. संकेश्वरास हिरण्यकेशी वाहते. आंबोलीच्या डोंगरात जन्मलेली ही नदी पुढे घटप्रभेस मिळते. आणि घटप्रभेवर हिडकल येथे जे मोठे धरण आहे, त्याच्या जलाशयाने या कोरडवाहू भागास पाणी दिले, ऊस दिला आणि गोड्या पाण्यातील मासळीही दिली.

संकेश्वराची आणखी एक कीर्ती म्हणजे तेथील लाल मिरची. ब्याडगीची मिरची रंगासाठी घ्यावी, संकेश्वरी चवीसाठी घ्यावी, असे येथील गृहिणी सांगतात. त्या मिरचीचे पूर्वज मात्र या मातीतले नव्हेत. पोर्तुगीज लोकांनी १५१० मध्ये गोवे घेतले, आणि अमेरिका खंडातून निघालेली मिरची, टोमॅटो, बटाटा ही सारी मंडळी त्यांच्या गलबतांच्या मागोमाग आपल्या किनाऱ्यास लागली. किनाऱ्यावरून ती घाट चढली. ज्यास आपण अस्सल गावरान म्हणतो त्याचे मूळ शोधू लागलो, तर वाट पुष्कळदा समुद्राकडे जाते.

मासळीही याच वाटांनी येते. निपाणी, गडहिंग्लज, संकेश्वर या भागास ती मुख्यतः वेंगुर्ले-मालवणकडून, सावंतवाडी, आंबोली, आजरा या रस्त्याने येते. बेळगावास ती गोव्याहून चोर्ला घाटाने येते आणि कारवाराकडूनही येते. चोर्ल्याची वाट फार सुंदर आहे. बेळगाव सोडले की जांबोटी, मग कणकुंबी. कणकुंबीस मलप्रभा उगम पावते आणि पूर्वेकडे, कृष्णेच्या भेटीस निघते. जवळच्याच डोंगरांत म्हादई जन्मते आणि पश्चिमेकडे, गोव्याच्या समुद्राकडे धाव घेते. एकाच पावसाचे पाणी, एकाच डोंगराचे दोन उतार, आणि दोन समुद्र.

त्याच घाटात रात्री-पहाटे दोन प्रकारच्या गाड्या एकमेकींस भेटतात. बेळगावाकडून खाली उतरणाऱ्या गाड्यांत कोबी, फ्लॉवर, गाजर, मिरच्या, दुधी, नवलकोल असा भाजीपाला असतो. गोमंतकीयांच्या ताटातील भाजी बव्हंशी बेळगावची असते. वर चढणाऱ्या गाड्यांत बर्फाने भरलेल्या पेट्या असतात. त्यांत बांगडे, तारल्या, सुरमई, मोरी, सुंगटे. डोंगराने भाजी द्यावी, समुद्राने मासळी द्यावी, असा हा जुना करार आहे. त्यावर कोणाची सही नाही. पण तो मोडला तर दोन्हीकडील चुली अडतील. जूनच्या १ तारखेपासून जुलै अखेरपर्यंत, ६१ दिवस, गोव्यात व कर्नाटकात यांत्रिक होड्यांची मासेमारी बंद असते, कारण तो माशांच्या विणीचा काळ. तेव्हा बेळगावचा बाजार सुक्या बांगड्यांवर, बोंबलांवर आणि धरणांतील रोहू-कटल्यावर भागवितो.

बेळगावच्या कँपात मासळीबाजार आहे. १८३२ मध्ये इंग्रजांनी येथे छावणी वसविली. छावणीबरोबर गोव्याकडील कॅथॉलिक कुटुंबे आली. कोणी स्वयंपाकी, कोणी बँडवाले, कोणी शिंपी, कोणी कारकून म्हणून आले, कोणी मुलांच्या शिक्षणासाठी आले. १८५६ मध्ये संत पौलाच्या नावाने शाळा सुरू झाली. १९५३ मध्ये बेळगाव हा स्वतंत्र धर्मप्रांत झाला. या कुटुंबांनी घरी कोंकणी राखली, बाजारात मराठी घेतली, कचेरीत कानडी शिकली, आणि शुक्रवारच्या मासळीसाठी घाटाकडे डोळे लावले. खेड्यापाड्यांतील आमची कुटुंबे निराळ्या वाटांनी आली. कित्येकांच्या पूर्वजांनी गोव्यातून घाट चढून जमीन कसली. म्हणून आमच्या धर्मग्रामांत एकाच बाकावर बसलेल्या दोन घरांच्या कालवणाचा वास एकसारखा असेलच असे नाही.

असे दोन वास एकाच घरात नांदताना मी पाहिले. संकेश्वर-बेळगाव मार्गापासून आत, ऊस आणि भुईमूग यांच्या मधोमध ते घर आहे. महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी आजाऱ्यांस ख्रिस्तशरीर देण्यासाठी मी तेथे जातो. घरचे आजोबा मधुमेहाचे रोगी. दोन वर्षांपूर्वी पायाला झालेली लहानशी जखम चिघळली आणि उजव्या पायाची दोन बोटे काढावी लागली. आजी निपाणीकडील, तिचे कालवण म्हणजे भाजलेला कांदा, सुके खोबरे, तीळ आणि लसूण यांचे वाटण. सून गोव्याची, बार्देशातली. तिचे कालवण म्हणजे ओला नारळ, सोले आणि तिरफळे. लग्नानंतरची पहिली काही वर्षे या दोन वाटणांचा संसार एका चुलीवर जमत नव्हता, असे आजी स्वतःच हसून सांगते.

आजारपणाने तो जमविला. डॉक्टरांनी भात कमी करावयास सांगितले. घरच्यांनी आज्ञा पाळली; म्हणजे आजोबांचे ताट वेगळे केले. सर्वांच्या ताटात भाताचा डोंगर आणि लाल कालवण, आजोबांच्या ताटात अळणी भाजी आणि एक भाकर. आजोबा काही बोलले नाहीत. ते हळूहळू सर्वांच्या आधी जेवू लागले, मग सर्वांच्या नंतर, मग आपल्या खोलीत. आणि रात्री सर्व निजल्यावर पातेल्यातला थंड भात खाऊ लागले. साखर उतरली नाही, चढली.

"फादर, हे ताटावर एकटे पडले ते आम्हांस कळलंच नाही की," आजी म्हणाली. "दोन बोटं गेली. राहिलेली आठ मी राखणार, असं ठरवलो. मग सूनबाईला म्हटलं, यांचं एकट्याचं ताट बदलायचं नाही. बदलायचं तर सगळ्यांचं बदलू."

"मांय, पण शिताबगर नुस्त्याची कडी कशी खायची, असं मीच विचारलं होतं," सून म्हणाली. तिच्या प्रश्नात तथ्य होते. कोंकणीत शीत आणि कढी ही जोडी एका श्वासात उच्चारली जाते. कानडीत तर शिजलेल्या भातासच अन्न म्हणतात. आणि मराठीत अन्न म्हणजे सारेच खाणे. ज्या भाषेत भात हेच अन्न, त्या भाषेच्या माणसास भात सोडा म्हणणे म्हणजे जेवणे सोडा म्हणण्यासारखे आहे. कालवण तिखट, आंबट, पातळ असते ते भात कालविण्यासाठी. भात काढून घेतला तर ते कालवण एकटे उभे राहत नाही. त्यास स्वतःचे अंग द्यावे लागते.

ते अंग या दोघींनी दिले आणि त्यासाठी एक तिसरी रीत उपयोगी पडली. पोर्तुगालच्या कोळ्यांचा काल्देरादा नावाचा एक प्रकार आहे. काल्देरा म्हणजे मोठे भांडे. त्यात कांदा, टोमॅटो, बटाटे आणि मासळी यांचे थर रचतात, वर थोडे द्रव घालतात, झाकण ठेवतात आणि ढवळत नाहीत. ही रीत गोव्यात आली, आणि सुनेच्या माहेरी आजीच्या काळापासून होती. त्यातील बटाटा मात्र मधुमेह्याच्या ताटात भाताचाच धाकटा भाऊ. म्हणून बटाट्याच्या जागी बेळगावच्या मळ्यातील दुधी, नवलकोल आणि शेवग्याच्या शेंगा आल्या. निपाणीच्या वाटणातील तीळ-खोबऱ्याने रस दाट झाला. तांदळाचे पीठ लावण्याची गरज उरली नाही. बार्देशाची सोले आणि तिरफळे आपल्या जागी राहिली. मिरची अर्थातच संकेश्वरी.

वाचक भगिनींनी विचारू नये म्हणून प्रमाण आधीच देतो. सहा माणसांसाठी साफ केलेली मासळी एक किलो. सुरमई किंवा मोरी मिळाल्यास उत्तम. बांगडा स्वस्त आणि तितकाच गुणकारी. समुद्राची मासळी बंद असेल तेव्हा धरणातील रोहू किंवा मरळ. मासळी घेताना कल्ले लाल, डोळे भरलेले आणि अंग बोटाने दाबल्यास पुन्हा वर येणारे असे पाहावे. अर्धा किलो दुधी, दोन नवलकोल, दोन शेवग्याच्या शेंगा, दोन कांदे, तीन टोमॅटो. वाटणासाठी सहा ते आठ संकेश्वरी मिरच्या, दहा लसणाच्या पाकळ्या, बोटभर आले, एक मोठा चमचा धने, एक लहान चमचा जिरे, आठ मिरी, दोन मोठे चमचे तीळ आणि मूठभर सुके खोबरे. एका नारळाचे दूध. पहिले दाट वेगळे, दुसरे पातळ वेगळे. पाच-सहा सोले, तितकीच तिरफळे, हळद, मीठ आणि दोन मोठे चमचे खोबरेल.

मासळीस हळद व मीठ लावून ठेवावी. तीळ, खोबरे, धने, जिरे, मिरी आणि मिरच्या निरनिराळ्या भाजून आले-लसणाबरोबर बारीक वाटावे. मातीची तवली असल्यास तीच घ्यावी. नसेल तर जाड बुडाचे पातेले. तेलात निम्मा कांदा गुलाबी करून वाटण परतावे, तेल सुटू लागले की विस्तव मंद करावा. त्यावर नवलकोलाच्या चकत्या, शेवग्याचे तुकडे, दुधी, उरलेला कांदा आणि टोमॅटो असे थर रचावे. प्रत्येक थरावर चिमूटभर मीठ. पातळ दूध ओतून झाकण ठेवावे आणि भाजी शिजेपर्यंत, साधारण वीस मिनिटे, वाट पाहावी. मग मासळी अलगद वर मांडावी, सोले टाकावी, तिरफळांतील काळ्या बिया काढून ती किंचित ठेचून घालावी. आठ-दहा मिनिटांत मासळी होते. शेवटी दाट दूध घालावे आणि उकळी फुटण्यापूर्वीच खाली उतरवावे. पळीने ढवळू नये. तवली दोन्ही कानांस धरून हलवावी. ढवळणाऱ्या हाताने मासळीचा भुगा होतो.

हे कालवण खोलगट थाळीत वाढावयाचे आणि चमच्याने किंवा बोटांनी, भाजी आणि मासळी यांसह, जेवण म्हणून खावयाचे. त्याने पोट भरते, कारण प्रत्येकाच्या वाट्यास दीडशे ग्रॅमांहून अधिक मासळी येते आणि तीत सुमारे तीस ग्रॅम प्रथिने असतात. मासळीत पिष्ट नाही. भाज्या, तीळ आणि नारळ मिळून एका थाळीत पिष्टाचा अंश साधारण दहा ते पंधरा ग्रॅमांच्या आसपास राहतो. याउलट शंभर ग्रॅम शिजलेल्या भातात तो सुमारे अठ्ठावीस ग्रॅम असतो, आणि आमच्याकडे शंभर ग्रॅम भात म्हणजे लहान मुलाचा घास. रानातून आलेला माणूस तीनशे ग्रॅम भात सहज खातो. हिशोब प्रत्येकाने मनात करावा.

हा हिशोब आता घरोघरी करण्याची वेळ आली आहे. भारतीय वैद्यक संशोधन परिषदेच्या साहाय्याने झालेल्या देशव्यापी पाहणीचा अहवाल २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला. देशात सुमारे १० कोटी १० लक्ष लोकांस मधुमेह आहे आणि १३ कोटी ६० लक्ष लोक त्याच्या उंबरठ्यावर आहेत, असे त्यात दिसून आले. त्याच पाहणीच्या आधारे २०२५ मध्ये आलेल्या निबंधाने सांगितले, की भारतीय माणसाच्या आहारातील शक्तीपैकी सुमारे ६२ टक्के पिष्टातून येते. आमचा भाग या बाबतीत मागे कसा राहील? आजऱ्याच्या घनसाळ तांदळास २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. तो शिजू लागला की शेजारच्या घरास कळते. बेळगावचा कुंदा प्रसिद्ध. ऊस दारात. देवाने आम्हांस गोडवा उदंड दिला. त्याचे मोजमाप ठेवण्याचे काम मात्र आम्हांवर सोपविले.

येथे दोन-तीन गोष्टी स्पष्ट सांगितल्या पाहिजेत. ज्वारीची भाकरी कितीही खाल्ली तरी साखर वाढत नाही, ही समजूत खोटी आहे. ज्वारीतही पिष्ट भरपूर असते, तिचा लाभ हा की तीत तंतू अधिक असून ती सावकाश पचते. त्या घरी कालवणाबरोबर अर्धी भाकरी असते, दोन नव्हेत. दुसरे असे, की सुक्या मासळीत मीठ फार असते. रक्तदाब असलेल्यांनी ती बराच वेळ पाण्यात भिजवून, पाणी टाकून, क्वचितच खावी. तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. जो इन्शुलिन घेतो किंवा साखर उतरविणाऱ्या गोळ्या घेतो, त्याने डॉक्टरांस न विचारता एकाएकी भात तोडू नये. अन्न घटले आणि औषध तेवढेच राहिले, तर रक्तातील साखर धोक्याइतकी खाली जाते. घाम फुटतो, थरकाप होतो, शुद्धही हरपते. मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी मासळीचे प्रमाण डॉक्टरांकडून ठरवून घ्यावे. त्या आजोबांच्या पायाची जखम भरली ती औषधांनी आणि नित्य मलमपट्टीने, कालवणाने नव्हे. कालवणाने त्यांची साखर हाताशी आणली, आणि त्यांस पुन्हा पंक्तीत आणून बसविले.

मला यातील दुसरी गोष्ट अधिक मोठी वाटते. पवित्र शास्त्रात मासळीचा उल्लेख येतो, तेथे पुष्कळदा कोणीतरी कोणाबरोबर तरी जेवत असते. पाच हजारांच्या मेळाव्यात एका मुलाच्या जवळचे दोन मासे सर्वांस पुरले. त्यांतील एकासही निराळे ताट नव्हते. पुनरुत्थानानंतर प्रभू तिबिर्याच्या सरोवरकाठी उभा राहिला, तेव्हा त्याने शिष्यांसाठी कोळशाचा विस्तव आधीच पेटविलेला होता आणि त्यावर मासळी ठेवलेली होती. रात्रभर जाळी टाकून रिकाम्या हाताने थकलेल्या माणसांस त्याने प्रथम उपदेश केला नाही. प्रथम जेवू घातले. पेत्रास जे विचारावयाचे होते ते न्याहारीनंतर विचारले. मृत्यूवर जय मिळविलेल्या हातांनी मासळी भाजावी, याहून स्वयंपाकघराचा मोठा गौरव कोणता?

तोबीताच्या ग्रंथातील कथा आपण जाणता. तरुण तोबियास प्रवासास निघाला, वाटेत तीग्र नदीवर मोठा मासा त्याच्यावर झेपावला. संत राफाएलाने त्यास तो धरावयास सांगितले. त्याचे पित्त पुढे अंध पित्याच्या डोळ्यांस औषध झाले. पुत्राने दूर देशाहून सर्वांत मोलाचे जे आणले, ते पित्याच्या रोगावरचे औषध होते. आपल्यांतील कित्येक पुत्र आज पुण्यास, बेंगळुरास, आखाती देशांत आहेत. सुटीवर येताना ते आईबापांसाठी मिठाईचे डबे आणतात. प्रेम त्यात असतेच. परंतु राफाएलाने सुचविलेली भेट निराळी होती.

आता शुक्रवारविषयी. ख्रिस्तसभेचा नियम मांस वर्ज्य करावयास सांगतो, मासळीस मुभा देतो. पोप सहावे पौल यांनी १९६६ मध्ये प्रायश्चित्ताविषयीचे नियम नव्याने लावून दिले, आणि १९८३ च्या धर्मविधिसंहितेत ते आले. चौदा वर्षे पूर्ण झालेल्यांस मांसवर्जन, अठरा पूर्ण झाल्यापासून साठाव्या वर्षाच्या आरंभापर्यंत राखेचा बुधवार व उत्तम शुक्रवार या दिवशी उपास. आजारी माणसास उपासाचे बंधन नाही. इन्शुलिन घेऊन दिवसभर उपाशी राहणे ही भक्ती नव्हे, धोका आहे. परंतु मासळीची मुभा म्हणजे मासळीची मेजवानी नव्हे, हेही ध्यानी धरावे. प्रायश्चित्तकाळात शुक्रवारी मटण टाळून बाजारातील सर्वांत महाग सुरमई आणली आणि तीन वेळा भात घेतला, तर आपण नियम पाळला आणि त्याचा आत्मा दारातून परत पाठविला. त्या घरी त्या काळात बांगडाच येतो. सुरमई व बांगडा यांतील जे पैसे वाचतात, ते आजी एका डब्यात टाकते; आणि पास्काच्या आधी तो डबा शेजारच्या एका विधवेच्या घरी जातो. तिचा धर्म निराळा आहे. डब्याने ते कधी विचारले नाही.

त्या शुक्रवारी मलाही त्यांच्याबरोबर बसविले. आजोबा मधोमध, दोन्ही बाजूंस नातवंडे. कोणाच्याही थाळीत भात नव्हता. धाकट्या नातवाने आजोबांच्या थाळीतील शेवग्याची शेंग पळविली आणि आजोबांनी त्याच्या थाळीतील बांगड्याचा तुकडा. नातवंडांस शाळेत पळावयाचे असते, त्यांस दुपारी भात मिळतो. रविवारी सर्वांस मिळतो, आजोबांसही, एक वाटी, मोजून. सणाच्या दिवशी सान्नेही होतात. कोणावरही कायमची बंदी नाही. "भात नाही तर जेवलो असं वाटत नव्हतं, फादर," आजोबा म्हणाले. "आता एकट्यानं खाल्लं तर जेवलो असं वाटत नाही."

बेळगाव-निपाणीच्या या पट्ट्यात पुष्कळ गोष्टी अजून निर्णयाची वाट पाहत आहेत. काही प्रश्न न्यायासनापुढे आहेत, काही उसाच्या आणि तंबाखूच्या भावात अडकले आहेत. ते आपल्या हाती नाहीत. आपल्या घरातील पंक्ती मात्र आपल्या हाती आहे. ज्या घरी मधुमेहाचा रोगी आहे, त्या घराने एक शुक्रवार हे करून पाहावे: रोग्याचे पथ्य त्याच्या एकट्याच्या थाळीत न वाढता सर्वांच्या मडक्यात शिजवावे. कोंकणातील सोले नसतील तर चिंच चालेल. सुरमई नसेल तर हिडकलचा रोहू चालेल. तवली नसेल तर पातेले चालेल. पंक्तीतील एक जागा रिकामी असेल, तर मात्र चालणार नाही. जेवणापूर्वीच्या प्रार्थनेत आपण देवाजवळ म्हणतो की हे अन्न आशीर्वादित कर. ते ज्यांच्यापुढे वाढले आहे त्या सर्वांस ते खाता यावे, एवढे आपण करावे. आशीर्वाद त्याचा आहे.